जावयावर छापा

नोकरीत असताना कोरेगावात लोक मला पाठीमागे ‘पत्तेवाला हवालदार’ म्हणायचे. खून-दरोडे मोठ्या साहेबांच्या वाट्याला जायचे आणि जुगार माझ्या वाट्याला यायचा. उसाच्या फडाच्या कडेला, बंद गुऱ्हाळात, यात्रेच्या दिवसांत धर्मशाळेच्या मागच्या खोलीत, जिथे कुठे चार माणसं घोंगडं अंथरून तीन पानी खेळत असतील तिथे मला जावं लागे. खबऱ्याचा निरोप आला की साक्षीला दोन पंच गाठायचे, गाडी लांब उभी करायची, चपला हातात घेऊन बांधावरून जायचं आणि एकदम ‘हलू नका’ म्हणून ओरडायचं. ओरडलं की सगळेच हलायचे. एकाने तर एकदा भीतीने विहिरीत उडी टाकली. त्याला वर काढायला दोर मीच सोडला, आणि वर आल्यावर त्याच्याकडून चहाही मीच प्यालो.

छाप्यापेक्षा छाप्यानंतरचं लिखाण मला जास्त आवडायचं. माझं अक्षर चांगलं होतं. आम्ही ठाण्यामागच्या पोलीस लाइनीत राहायचो, आणि माझी मुलगी जेवणाचा डबा घेऊन यायची ती माझ्या टेबलाला हनुवटी टेकून उभी राहायची. मी पंचनामा लिहायचो. पत्ते आणि पैसे खाकी कागदात गुंडाळायचे, दोरा बांधायचा, पंचांच्या सह्यांची चिठ्ठी चिकटवायची आणि वर मेणबत्तीवर वितळवलेली लाख ओतून शिक्का मारायचा. लाखेची कांडी धरायचा मान तिचा असायचा. बोट भाजलं तरी सोडायची नाही.

समोर ओळीने बसलेल्या माणसांची नावं मी विचारत नसे. थेट लिहीत जायचो. नाव, बापाचं नाव, वय, धंदा शेती, राहणार अमुक. मुलगी डोळे मोठे करून बघायची.

“आबा, तुमाला न विचारता कसं वो कळतं?”

“पोलिसाला सगळं कळतं,” मी म्हणायचो.

ती समोरची माणसंही मान खाली घालून हसायची. घरी जाऊन ती भावाला जुगारी करायची, स्वतः हवालदार व्हायची, आणि आईच्या बांगड्या जप्त करून वर्तमानपत्रात बांधून ठेवायची. आबांनी पकडलं की माणसाचा जुगार सुटतो, असं तिच्या डोक्यात तेव्हापासून पक्कं बसलं. गळवं आलेल्याला डॉक्टरकडे नेतात, तसं जुगाऱ्याला पोलिसाकडे.

तिला आम्ही सांगलीजवळ माधवनगरला दिली. जावयाचे वडील तिथल्या गिरणीत कामाला होते. गिरणी बंद पडल्यावर त्यांनी घरामागे पत्र्याची शेड घालून चार यंत्रमाग टाकले. पुढे ते वारले आणि माग जावयाकडे आले. पोरगा मऊ स्वभावाचा. मोठ्याने बोलणं नाही, दारू नाही, तंबाखू नाही. ‘जावयाला सुपारीचंसुद्धा व्यसन नाही’ हे वाक्य माझ्या बायकोने भावकीत इतक्यांदा ऐकवलं की लोक तिला बघून रस्ता बदलायचे. मुलगी फोन करायची तेव्हा मागे चारही माग खटाखट चाललेले असायचे. आम्ही दोघं ओरडून बोलायचो आणि मला बरं वाटायचं.

अधिक महिना आला तेव्हा आम्ही त्यांना धोंड्याला बोलावलं. ह्या महिन्यात जावई म्हणजे विष्णू. त्याला पुरणाचे धोंडे करून घालायचे, ओवाळायचं, अनारशांचं वाण द्यायचं. ही रीत ज्याने ठरवली त्याला स्वतःला मुलगी नसावी, अशी मी दरवेळी कुरकुर करतो आणि बायको दरवेळी डोळे वटारते. जेवण झालं, विष्णू कॉटवर आडवे झाले आणि त्यांनी मोबाइल काढला. मी पान लावत शेजारी बसलो होतो. सहज नजर गेली. बदामची राणी, चौकटची दश्शी, इस्पिकचा गुलाम. ती पानं मी अंधारात दहा हातांवरून ओळखली असती.

“पाव्हणं, हे काय चाललंय?”

“रमी हाय मामा.” लपवालपवी काही नाही.

“पैशावर?”

“थोडंफार. आवं, तुमी घाबरू नका, कायदेशीर हाय. टीव्हीवर जाहिरात येती की, सिनेमातली मोठी मोठी माणसं सांगत्यात. हे बघा.” त्याने बोटाने पडदा वर सरकवला आणि तळाचा बारीक मजकूर मला दाखवला. अमुक अमुक राज्यांतल्या रहिवाशांना पैसे लावून खेळता येणार नाही, असं तिथे लिहिलं होतं. मी चष्मा लावून सगळी राज्यं वाचली, पहिल्यापासून शेवटपर्यंत.

“आपलं न्हाई त्यात,” तो म्हणाला. “म्हंजे आपल्याला परवानगीच की.”

इतकी वर्षं मी ज्या माणसाला हे करताना बघितलं, त्याची कॉलर आधी धरली आणि मग नाव लिहिलं. आता हात मांडीवर होता आणि तो तिथेच राहिला. स्वयंपाकघराच्या दारात बायको उभी होती. धोंड्याचा महिना आहे हे तिने मला डोळ्यांनी बजावलं. मग तिने निरांजन आणलं, जावयाला पाटावर बसवलं आणि वाणाचं ताट माझ्या हातून त्याला देववलं. जुगाऱ्याला ओवाळतात त्या जागी मी आयुष्यात पहिल्यांदा हजर होतो. मला राग आला आणि तो कुठे ठेवावा ते कळेना.

पुढे मुलीच्या फोनमागचा आवाज पातळ झाला. आधी मला वाटलं वीज गेली असेल, कामगार रजेवर असेल. एका संध्याकाळी ती मागच्या दारातूनच बोलत होती आणि तरी मला ओरडावं लागलं नाही.

“दोन माग गेले आबा,” ती म्हणाली. “भंगारवाल्यानं टेम्पोत घातले. ह्यांनी मला सांगितलंबी न्हाई, मी बाजाराला गेले हुते. उरलेले दोन गेले तर आमी खायाचं काय? आबा, तुमी पोलीस हायसा. पकडा ह्यांना.”

निवृत्त झालोय हे तिच्या लेखी काही नव्हतं. मी दुसऱ्याच दिवशी गाडीत बसलो. तिच्या घरी न जाता थेट पोलीस ठाण्यात गेलो. तिथला फौजदार तरणा होता, माझ्या मुलाच्या वयाचा. माझी ओळख ऐकून उठून उभा राहिला, खुर्ची दिली, चहा मागवला. हवालदाराला आमच्यात मेजर म्हणतात. कुणीतरी पुन्हा मेजर म्हटलं म्हणून मला उगाच ताठ बसावंसं वाटलं.

“मेजर, अड्डा कुठंय तेवढं सांगा. आत्ता गाडी काढतो.”

“त्याच्या घरात. कॉटवर.”

“इसम किती?”

“एकटाच.”

“मग समोर खेळतंय कोण?”

“कोण आसामात असंल, कोण इंदूरला. त्येलाबी म्हाईत न्हाई.”

“पत्ते?”

“काचेच्या आत.”

तो हसला नाही, ह्याबद्दल मी आजही त्याला मानतो. त्याने मला समजावून सांगितलं. आपला जुगाराचा कायदा इंग्रजाच्या वेळचा. त्यात घोंगडं आहे, अड्डा आहे, फासे आहेत, मोबाइल नाही. कौशल्याच्या खेळाला त्या कायद्यातून सूट आहे, आणि रमी हा कौशल्याचा खेळ असं मोठ्या कोर्टाने कधीचं म्हणून ठेवलंय. कंपन्या तेवढाच निकाल पुढे धरतात. काही राज्यांनी स्वतःपुरती बंदी केली, आपण केली नाही. “तेलंगणात असते तर कंपनीवर काहीतरी करता आलं असतं,” तो म्हणाला.

“मग जावयाला तेलंगणात न्हिऊन सोडू काय?” मी म्हणालो.

ह्यावर मात्र तो हसला आणि मीही हसलो. चहा संपला. बाहेर येऊन मी ठाण्याच्या पायरीवर जरा वेळ बसलो. हा कायदा वापरून मी किती माणसं गाडीत कोंबली असतील. आणि तोच कायदा माझ्या मुलीच्या दारात येऊन म्हणत होता की इथे मला काही दिसत नाही. मुलीला काय सांगायचं ते मला सुचेना, म्हणून मी आल्या पावली कोरेगावला परतलो आणि तिला फोनवर ‘बघतायत ते’ असं सांगितलं.

तिने माझी वाट बघितली आणि मग स्वतःच छापा घातला. पोलिसाच्या मुलीशिवाय हे कुणाला सुचलं नसतं. एका रविवारी तिने शेजारच्या शिक्षकांना आणि समोरच्या पिठाच्या गिरणीवाल्याला पंच म्हणून बोलावलं. नवरा कॉटवर खेळत होता. ती दारातून ‘हलू नका’ म्हणून ओरडली. तो खरंच हलला नाही. एवढा दचकला होता बिचारा. तिने मोबाइल हातातून काढून घेतला, खाकी कागदात गुंडाळला, दोरा बांधला, दोघांच्या सह्या घेतल्या आणि बाजारातून खास आणलेली लाख मेणबत्तीवर वितळवून त्यावर ओतली. शिक्का नव्हता, म्हणून तिने स्वतःचा अंगठा दाबला. मग मला फोन केला, “आबा, मुद्देमाल जप्त केलाय, या.”

मी पोचलो तेव्हा पुडकं देवघराच्या कोनाड्यात होतं. अंगठ्याला फोड आला होता. जावई भिंतीला टेकून खाली बसला होता, आणि दोन्ही पंच चहा संपवूनही जायला तयार नव्हते. मी पुडकं हातात घेतलं. बांधणी बिनचूक होती, दोऱ्याच्या गाठीसुद्धा माझ्यासारख्या. तेवढ्यात ते वाजायला लागलं. आतून. सूतवाल्या व्यापाऱ्याचा फोन असावा. सगळे त्या वाजणाऱ्या पुडक्याकडे बघत राहिले आणि ते पुष्कळ वेळ वाजलं.

“मामा, धंद्याचा फोन हाय त्यो,” जावई रडवेल्या आवाजात म्हणाला. “मी सोडतो खेळायचं. आईच्यान सोडतो.”

“सोडायला तुमच्या हातात हाय काय आता? मुद्देमाल आबांकडं जाणार,” मुलगी म्हणाली, आणि तिने माझ्याकडे पाहिलं. लहानपणी टेबलाला हनुवटी टेकून पाहायची तसंच. मी पुडकं पिशवीत घातलं. गाडीत ते कऱ्हाडपर्यंत अधूनमधून वाजत होतं, शेजारचे लोक माझ्याकडे बघत होते, आणि मी खिडकीबाहेर बघत होतो. कोरेगावला पोचेपर्यंत ते गप्प झालं.

पंधरवड्यात जावयाने दुसरा मोबाइल घेतला. व्यापाऱ्याला गाठायचं कसं, हे कारण खोटं नव्हतं.

मग पावसाळ्यात दिल्लीत कायदा झाला. पैसे लावून खेळायचे मोबाइलवरचे सगळे खेळ बंद, कौशल्याचे असोत नाहीतर नशिबाचे. खेळणाऱ्याला शिक्षा नाही, खेळवणाऱ्याला आहे. मी ती बातमी पेपरात तीनदा वाचली. निवृत्तीनंतर इतका आनंद मला पेन्शन वाढली तेव्हाही झाला नव्हता. साताऱ्याहून कंदी पेढे मागवून मी स्वतः माधवनगरला घेऊन गेलो. जावयाने मोबाइल उघडून दाखवला. जिथे पत्ते दिसायचे तिथे सेवा बंद केल्याची सूचना होती. त्याने पेढा खाल्ला आणि म्हणाला, “सुटलो बगा मामा.” तो तेव्हा मनापासून बोलत होता असं मला आजही वाटतं.

दिवाळीपर्यंत घर बरं चाललं. दोन मागांचा आवाज फोनमागे पुन्हा येऊ लागला. फक्त मुलगी एकदा म्हणाली की हे झोपेत अंगठा हलवतात. पडद्यावरचं पान सरकवावं तसा, चादरीवर. मी म्हणालो, हळूहळू जाईल.

ते गेलं नाही, दुसरीकडे गेलं. माधवनगरच्या बाहेर सुताला खळ लावायचा एक कारखाना बंद पडून आहे. तिथे काही माणसं जुन्या पद्धतीने बसू लागली होती, सतरंजी टाकून, हातातल्या पत्त्यांवर. जावई तिकडे जाऊ लागला. आता रमी नव्हती, कौशल्यही नव्हतं. सरळ तीन पानी.

एका दुपारी मुलीचा फोन आला. आवाजात एवढा हुरूप होता की मला वाटलं काहीतरी गोड बातमी आहे.

“आबा, ह्यांना पकडलं! खबर मीच दिली. त्या फौजदारांना फोन केला, आता अड्डा हाय म्हणलं, जावा. बारा जण सापडले. आता सुटंल बगा ह्यांचं.”

मी खुर्चीत बसलो. बायकोने विचारलं काय झालं, तर मी म्हणालो, जावयाला धरलं. ती रडायला लागली. आणि तिकडे मुलगी खूश होती. तिने नवऱ्याला पोलिसांच्या ताब्यात दिलं होतं, जसं एखादी लेकराला मोठ्या दवाखान्यात दाखल करून निर्धास्त होते. तिला काहीतरी सांगायचं माझ्या तोंडापर्यंत आलं होतं. मी ते गिळलं आणि म्हणालो, “बरं केलंस.”

जावई संध्याकाळी जामिनावर सुटला, कोर्टात दंड भरून मोकळा झाला आणि पुढच्या महिन्यात पुन्हा सापडला. मुलगी म्हणाली, पहिल्या खेपेला नीट धाक बसला नसेल. तिसऱ्या वेळी मात्र तिने मला बोलावून घेतलं. ठाण्यात एकटीने जायची लाज वाटायला लागली होती.

आम्ही दोघं बाकावर बसलो. तिच्या मांडीवर डबा होता, नवऱ्यासाठी. एक माग त्या आठवड्यात गेला होता आणि शेवटच्याला गिऱ्हाईक येऊन बघून गेलं होतं. समोर सतरंजीवरची माणसं ओळीने बसली होती, जावई मधोमध, गुडघे जवळ घेऊन. टेबलाशी एक हवालदार लिहीत होता. अक्षर चांगलं होतं त्याचं. ओळीत पहिला एक नवा पोरगा होता. हवालदाराने त्याला नाव विचारलं, बापाचं नाव विचारलं, वय विचारलं, गाव विचारलं. त्याच्यापुढच्याला काही विचारलं नाही. त्याच्यापुढच्यालाही नाही. मग जावयाची पाळी आली. हवालदाराने मानही वर केली नाही. पेन थांबलं नाही. नाव, बापाचं नाव, वय, धंदा यंत्रमाग, राहणार माधवनगर. जावई मान खाली घालून जरासा हसला.

मुलीचा डब्यावरचा हात थांबला. ती त्या पेनाकडे बघत होती. मग तिने हळूच विचारलं, हवालदाराला ऐकू जाऊ नये अशा आवाजात.

“आबा, तुमीबी असंच लिवायचा न्हवं? न विचारता?”

“व्हय.”

“तीच तीच माणसं असायची?”

मी तिच्याकडे बघितलं नाही. समोरच्या भिंतीवर कायद्याच्या कलमांचा फलक होता, तो मला न वाचता पाठ होता.

“व्हय बाळा,” मी म्हणालो. “तीच असायची.”

तिने डब्याचं झाकण दाबून बसवलं आणि आम्ही त्याला सोडायची वाट बघत बसलो.